पाणी उतरलं की पलीकडचं गाव लांब जातं : उजनीकाठच्या एका वस्तीचं प्रकरण

सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्यात, भीमेवरच्या उजनी धरणाच्या फुगवट्यावर साठ-सत्तर उंबऱ्यांची एक वस्ती आहे. तीन बाजूंनी पाणी आणि चौथ्या बाजूला काळ्या रानातून जाणारा रस्ता. घाटावर उभं राहिलं की समोर इंदापूर तालुक्याचा काठ दिसतो. हवा स्वच्छ असली तर पलीकडच्या डेअरीचा निळा पत्रा दिसतो, शेजारची बाभळ दिसते, दुधाचा टेम्पो आला की त्याची काच चमकते. लाँचने तिथं पोचायला वीस-पंचवीस मिनिटं लागतात. रस्त्याने जायचं तर जेऊर, टेंभुर्णी असा वळसा घालून सत्तर-पंच्याहत्तर किलोमीटर आणि एसट्या बदलण्यात गेलेला अर्धा दिवस.

मी सोलापुरात समाजकार्याच्या विद्यार्थ्यांना शिकवते. क्षेत्रकार्यासाठी मुलांना घेऊन या वस्तीवर माझं येणं-जाणं आहे. दुसरं नातं जुनं आहे : माझ्या आईचं माहेर याच पाण्याखाली गेलं. आजी 'आपलं गाव' म्हणायची तेव्हा ती बुडालेल्या गावठाणाबद्दल बोलते आहे की पुनर्वसनातल्या, हे तिच्या आवाजावरून ओळखावं लागायचं. त्यामुळे मी या प्रकरणाकडे तटस्थपणे पाहते असा माझा दावा नाही. वस्तीचं नाव आणि माणसांची नावं मुद्दाम देत नाही. नात्याने आणि कामाने माणसं ओळखता येतील तेवढं पुरे.

प्रकरण मे ते ऑगस्ट २०२४ या काळातलं आहे. तेव्हा या वस्तीची लाँच बंद पडली आणि मग पुन्हा सुरू झाली.

टक्के आणि काठ

सोलापूर शहर उजनीला टक्क्यांत ओळखतं. नळाला काही दिवसांआड पाणी येणाऱ्या शहरात ते साहजिकच आहे. जूनमध्ये चहाच्या टपरीवर पहिला प्रश्न असतो, 'उजनी प्लसमध्ये आली का?' शंभर किलोमीटरहून लांबून जलवाहिनीने हे पाणी शहरात येतं, शिवाय भीमेत सोडलेलं पाणी औज बंधाऱ्यापर्यंत पोचतं, तेही आम्हीच पितो.

वस्तीवर टक्क्यांचा अर्थ वेगळा होतो. १९८० मध्ये पूर्ण झालेल्या या धरणाची पूर्ण क्षमता ११७ टीएमसी, म्हणजे ११७ अब्ज घनफूट. त्यातला ६३.६६ टीएमसी मृतसाठा, म्हणजे नेहमीच्या वापराच्या पातळीखालचं पाणी, आणि त्यावरचा ५३.५७ टीएमसी उपयुक्त साठा. वर्तमानपत्रातले टक्के उपयुक्त साठ्याचे असतात. म्हणून 'शून्य टक्के' छापून आलं तरी धरणात निम्म्याहून जास्त पाणी असतं, आणि त्याखाली गेलं की 'उणे' सुरू होतं. शून्य टक्क्याची पातळी ४९१.०३ मीटर, शंभर टक्क्यांची ४९६.८३ मीटर. म्हणजे सगळा उपयुक्त साठा पाच मीटर ऐंशी सेंटिमीटरच्या जाडीत मावतो. एवढं प्रचंड पाणी इतक्या कमी उंचीत मावायचं तर ते रुंद पसरणारच. इथली जमीन सपाट आहे, त्यामुळे पातळी हातभर उतरली की काठ वावभर नाही, शेतभर मागे जातो.

भूगोलाच्या पुस्तकात नकाशा स्थिर असतो. या वस्तीचा नकाशा दर महिन्याला बदलतो. ऑगस्टमध्ये घरापासून घाट दोनशे पावलांवर असतो आणि मे महिन्यात दीड किलोमीटर गाळ तुडवत जावं लागतं. पाणी मागे गेलं की उघड्या पडलेल्या जमिनीवर गाळपेर होते. शेतकरी मोटारी खाली सरकवतात, केबल वाढवतात, पाइपाला पाइप जोडतात, पाणी मोटारीपर्यंत आणायला चारी काढतात. एका उन्हाळ्यात तीन-तीनदा मोटार हलवलेली माणसं मी पाहिली आहेत. याच दिवसांत पळसदेवचं बुडालेलं देऊळ वर येतं, भिगवणकडे रोहित पक्षी दिसतात, आणि शहरातून गाड्या भरून माणसं ते पाहायला जातात. समोरच्या काठावर डोक्यावर दुधाचा कॅन घेऊन कुणी गाळातून चालत असतं, ते त्यांच्या फोटोत येत नाही.

लाँचचं घड्याळ

सातबारा करमाळ्याचा, रेशनकार्ड करमाळ्याचं, मतदान इकडचं. पण वस्तीचं घड्याळ इंदापूरकडचं. पहाटे साडेपाचची पहिली फेरी दुधाची. कॅन मधोमध, माणसं कडेला. साडेसातची फेरी शाळा-कॉलेजच्या पोरांची. दहाला दवाखाना, बँक, कोर्टकचेरी. दुपारी बाजाराची माणसं परत. मधे कुणाची जळालेली मोटार रिवाइंडिंगला जाते, केळीची रोपं येतात, एखाद्या मोटारसायकलला आडवी घालून दोरीने बांधतात. लेकी पलीकडे दिलेल्या आहेत, सुना पलीकडून आलेल्या आहेत. बाळंतपणाला माहेरी जाणं म्हणजे लाँचने जाणं.

लाँच चालवणारे साठीचे आहेत. सगळे त्यांना तात्या म्हणतात. धरण भरताना ते पोरगे होते. त्यांच्या वडिलांची जमीन बुडाली तेव्हा मासेमारी हातात आली, चिलापी आणि कटल्यावर घर चाललं, मग इंजिन बसवून प्रवासी नेणं सुरू झालं. त्यांना पोहणं, इंजिन उघडणं आणि वारा ओळखणं येतं. कागद मात्र त्यांच्याकडे कुठलाच नव्हता.

प्रकरण समजण्यासाठी एक घर जवळून पाहू. आजी, त्यांचा मुलगा (वस्ती त्याला दादा म्हणते), वहिनी, दहावी झालेली नात आणि सहा वर्षांचा नातू. तीन एकर ऊस, थोडी केळी, दोन म्हशी आणि एक गाय. दुधाचे पैसे दहा दिवसांनी हातात येतात, घरखर्च त्यावर चालतो. उसाचे आले की कर्जाला जातात.

२१ मे

२१ मे २०२४ च्या संध्याकाळी करमाळ्याच्या बाजूच्या कुगावहून पलीकडच्या कळाशीकडे निघालेली प्रवासी बोट वादळी वाऱ्यात उलटली. सहा जण बुडाले, त्यांत लहान मुलं होती. बोटीतले एक पोलीस अधिकारी पोहत काठाला लागले, म्हणून काय घडलं ते तरी कळलं. पुढचे दोन दिवस राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची पथकं पाण्यात शोध घेत होती.

आमच्या वस्तीचा घाट तिथून लांब आहे, पण वळीव सगळ्यांना एकच. त्या दिवशी तात्यांनी शेवटची फेरी मारली ती वारा सुटायच्या पाऊण तास आधी. नंतर मी भेटले तेव्हा ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "मॅडम, मी लई शहाणा म्हणून वाचलो असं न्हाय. पाऊण तास आधी आलो, एवढाच फरक."

दुसऱ्या दिवसापासून लाँच बंद. प्रशासनाने विनापरवाना प्रवासी वाहतूक थांबवली, आणि ती थांबवली नसती तरी कुणी बसलं नसतं. हा निर्णय योग्य होता असं मला तेव्हाही वाटलं आणि आजही वाटतं. पण बंदीच्या पुढचं वाक्य कुणी बोलत नव्हतं. लाँच बंद, मग माणसांनी जायचं कसं?

पाच आठवडे

बेट होणं म्हणजे काय ते या पाच आठवड्यांत कळलं. पाणी तेवढंच होतं, उलट नेहमीपेक्षा कमी होतं. जूनच्या सुरुवातीला धरण उणे साठ टक्क्यांच्या जवळ गेलं, म्हणजे मृतसाठ्यातलंही निम्मं पाणी संपलेलं. समोरचा काठ कधी नव्हे इतका जवळ दिसत होता.

दूध आधी अडलं. दादा पहाटे मोटारसायकलला दोन्ही बाजूंनी कॅन बांधून अकरा किलोमीटरवरच्या फाट्यापर्यंत न्यायला लागला. सुरुवातीचा रस्ता खडीचा, मे महिन्याचं ऊन, टेम्पो कधी वेळेवर, कधी तासभर उशिरा. पहिल्याच आठवड्यात दोनदा दूध फाटलं. मग वहिनींनी संध्याकाळचं दूध चुलीवर आटवून खवा करायला घेतला. मी त्या दिवशी तिथं होते. कढईत पाच लिटर दूध, खाली बाभळीचं जळण, आणि पळी एक क्षण थांबवायची नाही, नाहीतर बुडाला लागतं. दीड तासाने किलोभर खवा झाला. वहिनींच्या हाताला आच लागून मनगटापर्यंत लाली आली होती. लग्नसराईत जेऊरला गिऱ्हाईक मिळालं, पण जळण आणि तेवढा वेळ हिशेबात कुणी धरला नाही. वहिनींनीही नाही.

मग आजींच्या गोळ्या. त्यांना साखर आणि बीपी दोन्ही. डॉक्टर पलीकडचे, औषधं पलीकडच्या दुकानातली. सहा जूनला मी गेले तेव्हा आजी पोळपाटावर गोळी ठेवून सुरीने तिचे दोन तुकडे करत होत्या. एक तुकडा तोंडात टाकला, दुसरा कागदाच्या पुडीत गुंडाळून देवघरात ठेवला. म्हणाल्या, "अर्धी खाल्ली की दुप्पट दिस पुरती." इकडच्या आरोग्य केंद्रात या गोळ्या मिळतात, हे त्यांना ठाऊकच नव्हतं, कारण त्या तिकडे कधी गेल्याच नव्हत्या. आशाताईंनी दोन दिवसांत गोळ्या आणून दिल्या. एवढं साधं काम पंधरा दिवस कुणाच्या ध्यानात आलं नाही, कारण सगळ्यांच्या डोक्यात औषध म्हणजे पलीकडचा काठ.

तिसरी गोष्ट सगळ्यात जड होती. २७ मेला दहावीचा निकाल लागला. नात चांगल्या मार्कांनी पास झाली. तिला सायन्स घ्यायचं होतं, कॉलेज पलीकडचं ठरलेलं होतं, तिथं मावशी राहते. आता रोज जायचं कसं? इकडच्या बाजूला कॉलेज आहेत, पण फाट्यापर्यंत अकरा किलोमीटर, मग एसटी, आणि संध्याकाळची एसटी चुकली की रात्र. अहिल्याबाई होळकर योजनेत बारावीपर्यंतच्या मुलीला एसटीचा पास फुकट आहे. पास एसटीत चालतो. एसटी फाट्याच्या अलीकडे येत नाही.

जूनच्या दुसऱ्या आठवड्यात घरात हळू आवाजात बोलणं सुरू झालं होतं. एक स्थळ सुचवलं गेलं होतं. मुलगी सोळाची. कायदा काय सांगतो ते दादाला माहीत होतं. तो म्हणाला, "आत्ता कुठं करायचंय, बोलून ठेवू." हे 'बोलून ठेवू' मी पुष्कळ घरांत ऐकलं आहे. शिकणं थांबलं की पुढचे दोन शब्द हेच असतात. त्या रात्री वस्तीवर मुक्कामाला होते, मला झोप लागली नाही.

माझी चुकलेली सूचना

दुसऱ्या दिवशी मी दादा-वहिनींना सांगितलं, मुलीला सोलापूरला वसतिगृहात पाठवा. प्रवेशाचं मी बघते. मनापासून सांगितलं होतं. दादा काही बोलला नाही. आजी दळण निवडत होत्या, सूप खाली ठेवून म्हणाल्या, "मॅडम, पोरगी हुश्शार हाय म्हणून घरातनं काढायची का?"

मला उत्तर सुचलं नाही. खरं म्हणजे आमच्या विषयात हीच चूक नेहमी होते. अडचणीच्या जागी राहणाऱ्या माणसाला आम्ही जागा सोडायला सांगतो आणि त्याला मदत म्हणतो. वर्गात मी ट्रिस्टन दा कुन्हा या बेटाचं उदाहरण देत आले आहे. दक्षिण अटलांटिकमधलं हे बेट, विमानतळ नाही, केप टाउनहून बोटीने साधारण आठवडा लागतो. १९६१ मध्ये ज्वालामुखी जागा झाला तेव्हा सगळ्यांना इंग्लंडला हलवलं. घरं मिळाली, कामं मिळाली, दवाखाना जवळ आला. आणि १९६३ मध्ये त्यातले बहुतेक जण परत बेटावर गेले. विद्यार्थी दरवर्षी विचारतात, का गेले? मी दरवर्षी काहीतरी उत्तर देते. आजींच्या सुपापुढे बसून मला ते उत्तर फार पुस्तकी वाटलं. धरणात एकदा गाव गेलेल्या बाईला दुसऱ्यांदा कुणी 'जा' म्हणू नये.

लिंबाखालची बैठक

१६ जूनला लिंबाखाली बैठक झाली. मी बोलावली नव्हती, मला बोलावलं होतं. पुरुष तासभर एकाच गोष्टीवर भांडले, लाँच चालू करावी की नको. धाकट्या पोरांचं म्हणणं, पूल होईपर्यंत नाव काढू नका. कुगाव-शिरसोडी पुलाला मंजुरी मिळालेली, त्याची आशा सगळ्या पट्ट्याला आहे. पण तो पूल झाला तरी या वस्तीपासून तो बराच लांब. म्हाताऱ्यांचं म्हणणं, चाळीस वर्षं गेलो-आलो, काय झालं?

वहिनी मागे बसल्या होत्या. त्या उठल्या आणि म्हणाल्या, "चालू करायची का नको ते सोडा. कशी चालू करायची ते बोला." बैठकीचा सूर तिथं बदलला.

त्या दिवशी ठरलं ते एका दोनशेपानी वहीत लिहिलं गेलं. लिहिणारी नात. ही वही आजही लाँचच्या पेटीत, प्लास्टिकच्या पिशवीत असते. परवान्याचं काम वेगळं चाललं. लाँचची तपासणी, नोंदणी, चालवणाऱ्याचा दाखला यासाठी तात्या आणि दोन तरुण चार वेळा जाऊन आले. एका कार्यालयाने दुसऱ्याकडे पाठवलं, दुसऱ्याने पहिल्याकडे. पण कागद झाले, आणि जूनच्या अखेरीला लाँच पाण्यात उतरली. परवाना नसता तर मी स्वतः 'बसू नका' म्हणाले असते.

वहीतल्या गोष्टी साध्या आहेत. त्या कशा निघाल्या ते महत्त्वाचं वाटतं, म्हणून थोडं सविस्तर.

किती माणसं बसवायची यावर वाद होता. कुणी म्हणे बारा, कुणी म्हणे वीस. माणसं मोजून उपयोग नाही हे तात्यांनीच सांगितलं. बाजाराच्या दिवशी माणूस आणि त्याचं पोतं मिळून दोन माणसं होतात. त्यांनी लाँच रिकामी पाण्यात उभी केली, वस्तीची माणसं एकेक चढवली, आणि काठ पाण्यापासून हातभर वर असताना थांबवलं. तिथं बाहेरच्या अंगाला चारही बाजूंनी तांबड्या ऑइलपेंटची रेघ मारली. रेघ पाण्याला टेकली की पुढचा माणूस चढणार नाही, मग तो सरपंच का असेना. मोटारसायकल आणि माणसं एका फेरीत नाहीत. सगळ्यांनी खाली बसायचं, कारण वाऱ्याचा फटका आला की उभी माणसं एका बाजूला धावतात आणि तेवढ्यात काठ पाण्याखाली जातो.

वाऱ्याचं तात्यांनी समजावलं, मी फक्त लिहून घेतलं. उन्हाळ्यात जमीन तापते, दुपारनंतर आभाळ भरतं आणि वळीव यायच्या आधी वारा येतो. जलाशय रुंद आणि उघडा, अडवायला काही नाही, त्यामुळे वाऱ्याला लांबवर पाणी ढकलायला मिळतं. लाटा समुद्रासारख्या लांब नसतात. आखूड असतात, पाठोपाठ येतात, आणि बोटीला एकीतून सावरायच्या आत दुसरी मारतात. म्हणून गुढीपाडव्यापासून चांगला पाऊस लागेपर्यंत दुपारी तीननंतर फेरी नाही. एरवी प्रत्येक फेरीआधी पलीकडच्या डेअरीवाल्याला फोन. प्रश्न ठरलेला, "तिकडं धूळ उठली का?" वारा बहुतेकदा त्या बाजूने येतो, त्यामुळे त्याच्या अंगणातली धूळ आमच्या घाटाआधी उठते. फोन लागला नाही तरी फेरी नाही.

जीवरक्षक जॅकेटचं वाटलं त्याहून अवघड गेलं. वर्गणीतून मोठ्यांची घेतली, पुरुषांनी घातली, बायका तयार होईनात. ओल्याचा वास येतो, पदर अडकतो, लोक हसतील. नातीने पहिल्या दिवशी घाटावर उभं राहून जॅकेट चढवलं, सगळे पट्टे बांधले, आणि मग आजींचा पदर कमरेला खोचून त्यांना घातलं. आजी नऊवारीत. पदर आधी खोचला की पट्टा बसतो, एवढी युक्ती होती. आजी बसल्यावर बाकीच्या कोण मागे राहणार?

पोरांच्या जॅकेटचं मात्र मी स्वतः पाहिलं, कारण २१ मेनंतर माझ्या डोळ्यांपुढून ती मुलं जात नव्हती. दुकानदाराने 'लहान साइज' म्हणून दिलेली चार जॅकेट आली. नातवाला घातलं, पट्टे आवळले, आणि खांद्याजवळ दोन्ही हातांनी धरून वर ओढलं. जॅकेट थेट कानांपर्यंत वर आलं, पोर खाली तसंच. पाण्यात हेच झालं असतं. जॅकेट तरंगलं असतं आणि मूल त्यातून निसटलं असतं. चारही परत केली. नंतरची मुलांच्या वजनाप्रमाणे घेतली, दोन पायांमधून जाणाऱ्या पट्ट्याची. आता वस्तीवरची प्रत्येक आई पोराला जॅकेट घातलं की आधी खांद्याला धरून उचलून बघते. ही गोष्ट वहीत लिहिलेली नाही, ती हातात उतरली आहे.

दौंडचा विसर्ग

जुलैत परीक्षा झाली. करमाळ्यात पाऊस बेताचाच. उजनी भरते ती पुणे जिल्ह्यातल्या पावसाने. खडकवासला, मुळशी, पवना, घोड या बाजूंचं पाणी दौंडवरून येतं. म्हणून पावसाळ्यात वस्तीच्या मोबाइलवर सगळ्यात जास्त फिरणारा आकडा म्हणजे दौंडचा विसर्ग, क्युसेकमध्ये, म्हणजे सेकंदाला किती घनफूट पाणी येतंय ते. नातीने वहीत त्याचा वेगळा रकाना आखला.

२५ जुलैला पुण्यात सिंहगड रस्त्याच्या सोसायट्यांत पाणी शिरलं, तेव्हा इथं ऊन होतं. पण पुढच्या दिवसांत पाणी मातकट झालं, जलपर्णीचे तराफे वाहत येऊ लागले, मधूनच अख्खं झाड. जलपर्णी पंख्यात गुंतली की इंजिन गप्प होतं आणि लाँच प्रवाहाच्या हाती जाते. तात्यांनी चार दिवस फेऱ्या बंद केल्या.

दुसऱ्या दिवशी एक बागायतदार आले, पलीकडे खरेदीखताची तारीख होती. आवाज चढला. "ऊन पडलंय, वारा न्हाय, कसली भीती?" तात्या भांडले नाहीत. लाँचची किल्ली काढून त्यांच्या पुढे धरली. "घ्या, तुम्ही न्या. मी काठावर बसतो." गृहस्थ किल्लीकडे बघत राहिले, मग चपला काढून लिंबाखाली बसले. तारीख पुढची मिळाली.

नात ते चार दिवस मावशीकडे राहिली. तिचा प्रवेश पलीकडच्या कॉलेजात जुलैच्या पहिल्या आठवड्यात झाला होता. स्थळाचं बोलणं कुणी थांबवलं असं झालं नाही. रोज सकाळी मुलगी जॅकेट घालून निघायला लागली आणि त्या बोलण्याला कुणी हात घातला नाही. दादाने मला एवढंच सांगितलं, "पोरगी वही सांभाळती. ती गेली तर वही कोण लिहिणार?" हे कारण मला पुरेसं वाटत नाही. मुलीने शिकावं याला वहीची गरज पडू नये. पण त्या घरात त्या महिन्यात हेच कारण चाललं, आणि मी ते जसं आहे तसं नोंदवते आहे.

ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात उजनी शंभर टक्के भरली. दोन महिन्यांत उणे साठच्या जवळून शंभर, म्हणजे पंच्याऐंशीच्या आसपास टीएमसी पाणी. सोलापुरात पेढे वाटावेत असा आनंद झाला. वस्तीवर घाट वर सरकला, मारुतीच्या पाराजवळ आला, गाळपेरीच्या बांधांच्या खुणा बुडाल्या. पाण्यावरचं अंतर वाढलं, लाँचला आता अर्धा तास लागतो. पण आजींना गाळ तुडवावा लागत नाही. त्या म्हणतात, "आता पलीकडचं जवळ आलं."

उरलेलं

जमलेल्या गोष्टींपेक्षा न जमलेल्या मला जास्त टोचतात. घाटावर उतरायला पक्की जागा नाही, कारण घाट वर्षभर सरकत असतो. काँक्रीटचा धक्का ऑगस्टमध्ये बुडेल, मेमध्ये रानात उभा राहील. तरंगता धक्का करता येतो, पाण्याबरोबर वर-खाली होणारा. मागणीचा अर्ज दिलेला आहे. मुलीचा फुकट पास लाँचला लागू व्हावा, हा अर्जही दिलेला आहे. ज्या वस्तीचा रस्ता पाण्यातून जातो तिथं लाँच हीच एसटी आहे, हे समजायला फार अभ्यास लागू नये. सरकारी तक्त्यात या वस्तीचं अंतर करमाळ्यापासून मोजलेलं आहे, रस्त्याने. पलीकडच्या काठापासूनचं अंतर कुठल्याच रकान्यात नाही.

आणि रात्र. उसात पाणी द्यायला रात्री जावं लागतं, घोणस आणि मण्यार दोन्ही आहेत. १०८ ची रुग्णवाहिका डांबरी रस्ता संपतो तिथवर येते, पुढचे चार किलोमीटर पावसाळ्यात ट्रॅक्टरनेच. पलीकडचा दवाखाना अर्ध्या तासावर, पण अंधारात पाण्यातून. बैठकीत यावर दोन तट पडले. वहिनी म्हणाल्या, रात्री अजिबात नाही. तात्या म्हणाले, पोरगं तडफडत असलं तर मी वही बघत बसणार नाही. मी दोघांच्याही बाजूने बोलले आणि कुणाचंच समाधान करू शकले नाही. ते चार किलोमीटर डांबरी झाले तर हा प्रश्न अर्धा सुटतो, एवढंच मी ठामपणे सांगू शकते.

मागच्या खेपेला मी वही पुन्हा चाळली. नातीचं अक्षर, फेऱ्यांची वेळ, माणसं, वारा, दौंडचा आकडा. पहिल्या पानावर नियम एकाखाली एक लिहिलेले. सातव्या ओळीत 'रात्री :' एवढं लिहून पुढची जागा मोकळी सोडली आहे.